परत आलेल्या शिपायाची साक्ष

आमच्या सातारा, रत्नागिरीकडील पुष्कळ गांवांत चावडीच्या, शाळेच्या किंवा वेशीच्या भिंतींत एक दगडी पाटी बसविलेली आढळते. १९१४ ते १९१९ च्या महायुद्धांत या गांवचे इतके लोक गेले व त्यांपैकीं इतक्यांनीं प्राण दिले, एवढाच मजकूर तिच्यावर असतो. साताऱ्याजवळच्या अपशिंगे गांवाला तर लोक 'अपशिंगे मिलिटरी' म्हणूनच ओळखतात. त्या एका गांवचे ४६ गडी त्या युद्धांत कामास आले. पाटीवर गेलेल्यांचा आंकडा आहे, मेलेल्यांचा आंकडा आहे. परंतु जे परत आले त्यांनीं काय पाहिलें आणि घरीं येऊन काय सांगितलें, याला त्या पाटीवर बोटभर जागा नाहीं.

वाचकहो, ती जागा चुकून राहिलेली नाहीं. मेलेला शिपाई बोलत नाहीं, म्हणून त्याची पाटी लावणें, तिला हार घालणें, त्याच्या नांवानें भाषणें झोडणें हें सर्वांना सोयीचें असतें. परत आलेला शिपाई मात्र बोलूं शकतो, आणि तो काय बोलेल याचा नेम नसतो. म्हणून त्याला पदक द्यावें, पेन्शन द्यावें, आणि त्यानें गप्प बसावें, अशी जगांतील सर्व सरकारांची रीत आहे.

त्या महायुद्धांत आपल्या देशांतून दहा लाखांवर माणसें परदेशीं लढावयास गेलीं आणि साठ हजारांवर परत आलीं नाहींत. फ्रान्सच्या खंदकांतून शिपायांनीं घरीं धाडलेलीं पत्रें सरकारी अंमलदार फोडून वाचीत असत. तिकडची खरी हकीकत गांवांत पोंचली तर भरती आटेल, ही त्यांना धास्ती. तेव्हां आपल्या शिपायांनीं स्वयंपाकघरांतली भाषा शोधून काढली. काळी मिरी म्हणजे हिंदी शिपाई आणि लाल मिरची म्हणजे गोरा शिपाई. काळी किती खपली व लाल किती उरली, असें लिहून ते घरच्या मंडळींना सावध करीत. कांहींनीं तर धाकट्या भावानें भरती होऊं नये, असेंहि आडून आडून सुचविलें. ज्याचें जळतें त्याला कळतें. आणि ज्याला कळतें त्याचें तोंड आधीं बांधलें जातें.

आज आम्ही तुम्हांला अशा शिपायांची गोष्ट सांगणार आहों, कीं ज्यांनीं मिरी-मिरचीचा आडपडदा न धरतां भर दिवसा, आपल्या राजधानीच्या दारांत उभे राहून साक्ष दिली. ते दूरच्या अमेरिकेचे. परंतु त्यांतले बहुतेक कामकऱ्यांचे, शेतकऱ्यांचे, लहान दुकानदारांचे मुलगे होते. म्हणून ती गोष्ट तुमच्या आमच्या घरची आहे.

व्हिएतनाम हा भातखाचरांचा देश. तेथील रयत आपल्या कोंकणांतल्या रयतेसारखी गुडघाभर चिखलांत लावणी करणारी. फ्रेंचांचें राज्य त्यांनीं लढून घालविलें. पुढें देशाचे दोन तुकडे झाले आणि दक्षिणेकडील सरकारच्या पाठीशीं अमेरिका उभी राहिली. १९६५ सालीं अमेरिकेनें तेथें आपल्या लढाऊ पलटणी उतरविल्या, त्या १९७३ सालीं परत नेल्या. सुमारें सत्तावीस लाख अमेरिकन माणसें त्या देशांत नोकरी करून आलीं. त्यांचे ५८ हजारांवर लोक मेले. व्हिएतनाम सरकारनें १९९५ सालीं प्रसिद्ध केलेल्या अंदाजाप्रमाणें तिकडचे अकरा लाख लढणारे आणि दोन्ही भागांतील वीस लाख साधी रयत त्या युद्धांत मेली.

आतां लढावयास गेलें कोण, तें पाहा. अमेरिकेंत तेव्हां सक्तीच्या भरतीचा कायदा होता. कायदा सर्वांना एकच. पण त्याला एक दिंडीदरवाजा ठेवलेला होता. जो कॉलेजांत शिकत असेल त्याची भरती पुढें ढकलावी, असा नियम होता. ज्याच्या बापाजवळ फी भरण्यास पैसा, तो वर्गांत बसला. ज्याच्या बापाजवळ तो नाहीं, तो चिखलांत उतरला. एवढ्यानें माणसें पुरेनात. लेखी परीक्षेंत नापास होणाऱ्या मुलांना लष्कर पूर्वीं परत पाठवीत असे. १९६६ सालीं मॅक्नामारा नांवाच्या संरक्षणमंत्र्यानें ती अट सैल केली. गरिबांच्या पोरांना शिस्त लागेल, धंदेशिक्षण मिळेल, त्यांचा उद्धार होईल, असें तेव्हां सांगण्यांत आलें. अशीं तीन लाखांवर मुलें घेतलीं गेलीं, आणि इतरांपेक्षां त्यांच्यांत मरण्याचें प्रमाण अधिक पडलें. शाळेनें ज्यांना नीट लिहावयास शिकविलें नाहीं, त्यांना मरावयाच्या कामीं मात्र लायक ठरविलें! आयजीच्या जिवावर बायजी उदार, ही म्हण आमच्याच बायांची खरी, पण तिचा अनुभव सातासमुद्रांपलीकडेहि येतो.

ता. १६ मार्च १९६८ रोजीं माय लाई नांवाच्या खेड्यांत अमेरिकन शिपायांची एक कंपनी शिरली. गांवांत शत्रूचे लढवय्ये आहेत असें त्यांना सांगितलें होतें. सांपडलीं तीं म्हातारीं माणसें, बाया आणि तान्हीं मुलें. न्याहारीच्या वेळीं सुरू झालेली गोळीबाराची घाई दुपारपर्यंत चालली. व्हिएतनामी लोकांच्या मोजणीप्रमाणें ५०४ माणसें मेलीं. त्यांच्या झोपड्या जाळल्या, जनावरें मारलीं, विहिरी नासविल्या. शेतकऱ्याच्या घरीं जें जें असतें, तें तें सर्व त्या एका सकाळीं संपलें.

परंतु त्याच सकाळीं, त्याच सैन्यांतला ह्यू थॉम्पसन नांवाचा हेलिकॉप्टर चालविणारा जवान वरून हें पाहात होता. त्यानें आपलें हेलिकॉप्टर आपल्याच शिपायांच्या आणि पळणाऱ्या गांवकऱ्यांच्या मध्यें उतरविलें. या लोकांवर गोळी झाडाल तर आमचीहि बंदूक तुमच्याकडे वळेल, असा त्यानें बंदोबस्त केला, आणि आपल्या दोन सोबत्यांसह जितके वांचवितां आले तितके जीव वांचविले. तळावर येऊन त्यानें वरिष्ठांना सर्व सांगितलें. वरिष्ठांनीं तें दाबलें. त्या दिवशीं मोठी फत्ते झाली, असेंच जगाला सांगण्यांत आलें. थॉम्पसनला त्या कृत्याबद्दल योग्य तें पदक मिळावयास १९९८ साल उजाडावें लागलें. तीस वर्षें! आणि मधल्या काळांत त्याच्याच देशांतल्या कित्येकांनीं त्याला घरभेद्या म्हटलें.

मग ही गोष्ट उघडकीस कशी आली? दुसऱ्या एका शिपायामुळें. रॉन रायडनहूर हा त्या कंपनींत नव्हता. परंतु ओळखीच्या शिपायांच्या तोंडून त्यानें ती हकीकत ऐकली, आणि त्याला झोंप येईना. नोकरी संपवून घरीं आल्यावर मार्च १९६९ मध्यें त्यानें अमेरिकेच्या अध्यक्षाला, मंत्र्यांना व कायदेमंडळाच्या सभासदांना मिळून सुमारें तीस पत्रें धाडलीं. चौकशी सुरू झाली. त्या वर्षाच्या नोव्हेंबरांत वर्तमानपत्रांनीं बोभाटा केला. पुढें खटला होऊन कॅली नांवाच्या एकट्या लेफ्टनंटला दोषी ठरविलें. जन्मठेप सुनावली, आणि भोगली ती साडेतीन वर्षांच्या आसपास, बहुतेक आपल्या राहत्या घरींच. त्याच्यावरचे सर्व सुटले. सुक्याबरोबर ओलें जळतें असें म्हणतात. येथें ओलेंच जळलें आणि सुकें सुखरूप राहिलें.

एका शिपायानें पत्रें लिहिलीं, हें मोठें धैर्याचें काम. पण एकट्याचा आवाज दाबतां येतो. म्हणून आतां एकजुटीची हकीकत ऐका. १९६७ सालच्या एप्रिलांत न्यूयॉर्क शहरीं युद्धाविरुद्ध मोठी मिरवणूक निघाली. तींत व्हिएतनामांतून परत आलेले थोडे शिपाई एका फलकामागें चालले. त्यांतल्या सहा जणांनीं पुढें एक संस्था काढली. तिचें नांवच 'युद्धाविरुद्ध व्हिएतनामचे माजी सैनिक' असें होतें. चार वर्षांत तिचे हजारों सभासद झाले.

१९७१ च्या आरंभीं डेट्रॉईट शहरांत त्यांनीं तीन दिवसांची सभा भरविली. डेट्रॉईट हें मोटारींच्या कारखान्यांचें, कामकरी लोकांचें शहर. तेथें शंभरावर माजी शिपाई एकामागून एक उभे राहिले आणि आपल्या हातून काय घडलें व डोळ्यांदेखत काय घडलें, हें ज्यानें त्यानें सांगितलें. दुसऱ्याचें पाप सांगणें सोपें असतें. हे स्वतःचें सांगत होते. मोठ्या वर्तमानपत्रांनीं त्या सभेकडे बहुतेक काणाडोळा केला.

तेव्हां त्या एप्रिलांत हे लोक थेट राजधानींत, वॉशिंग्टनला गेले. हजारावर माजी शिपाई, अंगावर जुने गणवेष, कोणी कुबड्या घेऊन, कोणी चाकांच्या खुर्चींत. ज्यांचे मुलगे युद्धांत पडले अशा आयाहि त्यांच्याबरोबर होत्या. आर्लिंग्टन येथें सैनिकांची मोठी दफनभूमि आहे. मेलेल्या सोबत्यांना नमस्कार करावयास ही मंडळी तेथें गेली, तों तिचा दरवाजा त्यांच्या तोंडावर बंद करण्यांत आला! ओरड झाल्यावर दुसऱ्या दिवशीं उघडला. त्यांनीं मैदानांत झोंपूं नये, असा सर्वोच्च न्यायालयाचा हुकूम झाला. त्यांनीं आपसांत मतें घेतलीं व थोड्या मतांच्या फरकानें तेथेंच झोंपावयाचें ठरविलें. पोलिसांनींहि त्यांना हात लावला नाहीं.

ता. २२ एप्रिलला जॉन केरी नांवाच्या सत्तावीस वर्षांच्या माजी आरमारी अधिकाऱ्यानें कायदेमंडळाच्या कमिटीपुढें साक्ष दिली. युद्ध चुकीचें होतें हें ठाऊक असतांहि तें चालू ठेवणार असाल, तर त्या चुकीपायीं शेवटचा मरणारा हो, असें कोणा माणसाला कसें सांगावयाचें, अशा अर्थाचा त्याचा सवाल होता. त्याला कोणाजवळ उत्तर नव्हतें. हा केरी मोठ्या घरचा, नामांकित कॉलेजांत शिकलेला. त्याचें नांव जगभर झालें. पुढें तो सेनेटर झाला, अध्यक्षपदाला उभा राहिला, परराष्ट्रमंत्रीहि झाला. त्याचें श्रेय त्याला देऊंच. पण त्याच्या मागें मैदानांत झोंपलेल्या हजार जणांचीं नांवें कोणाला ठाऊक आहेत? चळवळ पुष्कळांची आणि नांव बोलक्याचें, हा अनुभव आमच्या वाचकांना नवा नाहीं.

दुसऱ्या दिवशीं जें घडलें तें मात्र त्या बिननांवाच्या लोकांनीं केलें. हे लोक जवळ येऊं नयेत म्हणून कायदेमंडळाच्या इमारतीपुढें कुंपण घातलें होतें. आठशेंवर शिपाई एका रांगेनें पुढें आले. ज्यानें त्यानें आपलीं पदकें, फिती, सनदा त्या कुंपणावरून फेंकून दिल्या. फेंकतांना कोणी मेलेल्या सोबत्याचें नांव घेतलें, कोणी व्हिएतनामी लोकांची क्षमा मागितली, कोणी नुसतेंच रडलें. बंधूंनो, पदक म्हणजे काय तें तुम्हांस ठाऊक आहे. आपल्या घरांत आजोबाचें पदक देवघरांत, नाहींतर पेटींत लुगड्याच्या घडींत जपलेलें असतें. तें रक्तानें मिळविलेलें असतें. तें फेंकून द्यावयास मनुष्याच्या काळजांत काय पेटलें असेल, याचा विचार करा.

यावर तिकडे जें बोललें गेलें, तेंच आपल्याकडेहि बोललें जाईल, म्हणून त्याला येथेंच उत्तर देणें बरें.

पहिला आक्षेप असा, कीं हे भित्रे आहेत. यांना आम्ही स्मेड्ली बटलरचें नांव सांगतों. हा अमेरिकेच्या मरीन दळाचा मेजर जनरल. तेहतीस वर्षांवर नोकरी, हैती, निकाराग्वा, मेक्सिको, चीन इतक्या मुलखांत मोहिमा, आणि शौर्याचें त्या देशांतलें सर्वांत मोठें पदक एकदां नव्हे, दोनदां मिळविलेला. त्यानें नोकरींतून निवृत्त झाल्यावर १९३५ सालीं लहानसें पुस्तक लिहून सांगितलें, कीं युद्ध हा थोड्यांनीं पुष्कळांना लुबाडण्याचा धंदा आहे. नफा पेढीवाले व कारखानदार मोजतात, आणि किंमत शिपाई व त्याचें घरदार मोजतें. आपण स्वतः आयुष्यभर त्या पेढीवाल्यांचेंच काम करीत होतों, हेंहि त्यानें लपविलें नाहीं. आतां ज्यानें घरीं गादीवर बसून वर्तमानपत्रांतली लढाई वाचली, त्यानें अशा माणसाला भित्रा म्हणावें काय?

दुसरा आक्षेप, कीं हे सैनिकांचा मान घालवितात. मान कशानें जातो, तें १९३२ सालीं दिसलें. पहिल्या महायुद्धांत लढून आलेल्या अमेरिकन शिपायांना सरकारनें बक्षिसाची रक्कम कबूल केली होती; ती १९४५ सालीं मिळावयाची. मध्यें मंदी आली, काम बुडालें, पोरांबाळांच्या तोंडीं घांस नाहीं. तेव्हां आमचे पैसे आतांच द्या म्हणून हजारों माजी शिपाई बायकामुलें घेऊन राजधानींत आले व झोपड्या घालून राहिले. हा बटलर त्यांच्या तळावर जाऊन त्यांना धीर देऊन आला. २८ जुलै रोजीं सरकारनें त्यांच्यावर घोडेस्वार, रणगाडे आणि डोळ्यांतून पाणी काढणारा वायू घातला, झोपड्या जाळल्या. कालच्या वीरांवर आजची पलटण! ते पैसे पुढें १९३६ सालीं मिळाले. सैनिकाचा मान भाषणांत असतो, पण भाकरी मागितली कीं तोच सैनिक उपद्रवी ठरतो.

तिसरा आक्षेप, कीं हे खोटें बोलतात. येथें आम्ही पदराआड कांहीं ठेवणार नाहीं. त्यांच्या संस्थेंतल्या एका पुढाऱ्यानें आपला हुद्दा फुगवून सांगितला होता, तें १९७१ सालींच उघडकीस आलें. तें वाईट झालें. एका लबाडीनें शंभरांच्या खऱ्या बोलण्याला डाग लागतो, हें चळवळीच्या लोकांनीं कायम लक्षांत ठेवावें. परंतु माय लाईचीं प्रेतें खोटीं नव्हतीं. आणि सरकारनेंहि या लोकांना खोटे पाडण्याची संधि सोडली नाहीं. १९७२ सालीं त्यांच्यावर दंगलीच्या कटाचा खटला भरला. फ्लोरिडा प्रांतांतल्या गेन्सव्हिल गांवीं १९७३ च्या ऑगस्टांत पंचांनीं आठहि आरोपींना निर्दोष सोडून दिलें.

शिपायांनीं बोलावयास सुरुवात केली, तिचा फायदा काय झाला, असें कोणी विचारील. युद्ध त्यांनीं एकट्यांनीं थांबविलें, असें आम्ही म्हणणार नाहीं. व्हिएतनामी रयतेनें हार खाल्ली नाहीं, हें त्याचें पहिलें कारण. परंतु तीन गोष्टी त्या शिपायांच्या बोलण्यांतून निघाल्या.

पहिली मनाच्या जखमेची. परत आलेल्यांना रात्रीं ओरडत जाग येई, फटाका वाजला कीं ते जमिनीवर पडत, दारू पीत, बायकोमुलांवर धांवून जात. डॉक्टरांच्या ग्रंथांत तेव्हां याला वेगळें नांव नव्हतें. १९७० च्या अखेरीपासून न्यूयॉर्कांत हे शिपाई आपसांत बसून एकमेकांना मनांतलें सांगूं लागले. कांहीं मानसवैद्य त्यांच्यांत ऐकावयास बसले. तेथून सुरू झालेल्या खटपटीनें १९८० सालीं अमेरिकन मानसवैद्यांनीं या दुखण्याला आपल्या ग्रंथांत जागा दिली. आज जगभर, पुरांत घर वाहून गेलेल्या किंवा अत्याचार सोसलेल्या बाईलाहि त्या ज्ञानाचा उपयोग होतो.

दुसरी विषाची. १९६२ ते १९७१ या काळांत अमेरिकेनें व्हिएतनामच्या रानांवर आणि उभ्या पिकांवर विमानांतून सुमारें सात कोटी लिटर झाडपाला मारणारें औषध फवारलें. त्यांतल्या मुख्य औषधाचें नांव 'एजंट ऑरेंज'. शत्रूला लपावयास झाड राहूं नये व खावयास दाणा राहूं नये, असा हेतु. उभें पीक जाळणें हें शेतकऱ्याच्या दृष्टीनें केवढें पाप, तें आम्ही तुम्हांस सांगावयास नको. तें विष हाताळलेल्या शिपायांनाहि दुखणीं जडलीं. त्यांनीं दावे केले. १९८४ सालीं औषधाच्या कंपन्यांनीं अठरा कोटी डॉलर देऊन तडजोड केली, पण आपला दोष कबूल केला नाहीं. १९९१ सालीं सरकारनेंहि त्यांच्यासाठीं कायदा केला. ज्या व्हिएतनामी शेतकऱ्यांच्या अंगावर तेंच विष पडलें, त्यांचा दावा मात्र अमेरिकेच्या कोर्टानें २००५ सालीं काढून टाकला. विष एकच, पण शेतकऱ्याच्या अंगावर पडलें तर त्याचा दावा उभा राहात नाहीं!

तिसरी सुरुंगांची. बॉबी मुलर हा मरीन अधिकारी व्हिएतनामांत गोळी लागून छातीखालीं लुळा झाला. पदकें फेंकणाऱ्यांच्या चळवळींत तो होता. पुढें त्याला दिसलें, कीं युद्ध संपल्यावरहि शेतांत पुरलेले सुरुंग नांगरणाऱ्याचे, गुरें वळणाऱ्या पोरांचे पाय तोडीत राहतात. त्याच्या संस्थेनें इतरांबरोबर १९९२ सालीं सुरुंगबंदीची चळवळ उभारली. १९९७ सालीं त्या चळवळीला शांततेचें नोबेल पारितोषिक मिळालें आणि त्याच डिसेंबरांत ओटावा शहरीं १२२ देशांनीं बंदीच्या करारावर सह्या केल्या. त्यांत अमेरिकेची सही नव्हती, आपल्या देशाचीहि नव्हती. व्हिएतनामच्या क्वांग त्री प्रांतांत तर २००१ पासून न फुटलेले बॉम्ब काढण्याचें जें काम चालू झालें, तें उभारणाऱ्यांत व्हिएतनामांत एकेकाळीं शत्रू म्हणून गेलेला अमेरिकन माजी शिपाई आहे. ज्या शेतावर आपल्या लोकांनीं बॉम्ब टाकले, तें शेत पुन्हां पेरणीस मोकळें करून देणें, यापेक्षां मोठें प्रायश्चित्त कोणत्या धर्मांत सांगितलें आहे?

आतां आपल्याविषयीं दोन शब्द. कोणत्याहि देशानें कधींच हत्यार धरूं नये, असें सांगण्याचा आमचा उद्देश नाहीं. घरावर दरोडा आला तर कोयता हातीं घ्यावा लागतो, हें शेतकऱ्याला कोणी शिकवावें लागत नाहीं. पण दरोडा कोणता आणि दुसऱ्याच्या वाड्यासाठीं चाललेली मारामारी कोणती, हें ओळखावयाचें असेल, तर ढोल वाजविणाऱ्याला विचारून भागत नाहीं. जो जाऊन आला त्याला विचारावें लागतें.

आपला मुलगा भरतीस लागला कीं आपण गुलाल उधळतों, वाजंत्री लावतों. खुशाल लावा; पोटासाठीं व देशासाठीं तो जातो, त्याचा आपल्याला अभिमानच आहे. २०२२ सालीं सरकारनें अग्निवीर म्हणून चार वर्षांची भरती सुरू केली, आणि चौघांतला फार तर एक कायम व्हावा, बाकीचे घरीं यावेत, असा त्या योजनेचा मूळ नियम. म्हणजे ऐन पंचविशींतले माजी शिपाई गांवोगांवीं दिसणार. नोकरींत असतां शिपायाच्या तोंडाला शिस्तीचें कुलूप असतें, तें असो. नोकरी सुटल्यावर तें कुलूप आपण गांवकऱ्यांनीं पुन्हां लावूं नये. जिंकल्याची गोष्ट सांगितली तर वाहवा, आणि भय, पाप, पश्चात्ताप सांगितला तर तोंड फिरवावयाचें, ही कुलूप लावण्याचीच रीत आहे.

पारावर एखादे पेन्शनर हवालदार बसलेले असतात. पोरें त्यांना 'आबा, किती मारले?' म्हणून विचारतात. ते हंसून विषय बदलतात. एकदां जवळ बसून, 'आबा, तुमच्या बरोबरचे कोण परत आले नाहींत?' असें विचारून पाहा. मग मध्यें न बोलतां ऐका. घरांतल्या बायांनींहि ऐकावें, कारण भरतीचा कागद आला कीं रडावयाचें काम त्यांच्याकडे येतें, पण सल्ला त्यांचा कोणी घेत नाहीं.

आणि ज्या गांवांत जुनी पाटी आहे, तिच्या शेजारीं एक वही ठेवा. गांवांतल्या शिकलेल्या पोरानें, परत आलेल्यांचें म्हणणें त्यांच्याच शब्दांत तींत उतरून घ्यावें. त्याला कागद-शाईपलीकडे खर्च नाहीं. पुढें कोणीहि कोणतेंहि निशाण घेऊन तुमच्या पोराला न्यावयास आला, तर आधीं ती वही त्याच्यापुढें उघडी करा आणि विचारा, कीं यांतलें कोणतें पान आमच्या मुलाच्या नांवानें लिहिलें जाणार, आणि कशासाठीं? या सवालाला ज्याच्याजवळ सरळ जबाब असेल, त्याच्याशीं मग पुढचें बोलावें.